‘आशियाई विजेता’: एका हँडबॉल मंडळाच्या अर्जाचं प्रकरण

यातलं मंडळ, कंपनी, प्रशिक्षक आणि मुली यांची नावं मुद्दाम दिलेली नाहीत. मी त्या मंडळाची हिशेबनीस. मुली मला काकू म्हणतात, प्रशिक्षकांना सगळेच सर म्हणतात, म्हणून इथेही ते सरच. जो कागद अंगाशी आला तो माझ्याच लॅपटॉपवर टाइप झाला होता, हे आधीच सांगून टाकते.

पार्श्वभूमी

नाशिकमध्ये मुलींचा खेळ म्हटलं की लोकांना धावणं आठवतं. सावरपाड्याच्या कविता राऊतने २०१० मध्ये दिल्लीच्या राष्ट्रकुल स्पर्धेत १० हजार मीटरमध्ये कांस्य आणि त्याच वर्षी ग्वांगझूच्या आशियाई स्पर्धेत रौप्य मिळवलं, तेव्हापासून तर अधिकच. हँडबॉल म्हटलं की पहिला प्रश्न येतो, “म्हणजे व्हॉलीबॉलसारखं का?”

आमचं मंडळ सिडकोतल्या एका शाळेच्या सिमेंटच्या मैदानावर संध्याकाळी साडेपाच ते साडेसात खेळतं. हँडबॉलचं मैदान ४० बाय २० मीटरचं असतं. आमचं लांबीला जेमतेम ३४ भरतं, कारण पलीकडे शाळेची पाण्याची टाकी आहे. मुली २८, वय १२ ते १९. बहुतेकींचे वडील अंबड नाहीतर सातपूरच्या कारखान्यांत कामाला, तिघी पेठ तालुक्यातल्या, वसतिगृहात राहणाऱ्या.

२०२४ च्या डिसेंबरात दिल्लीत महिलांची आशियाई हँडबॉल अजिंक्यपद स्पर्धा झाली. यजमान भारत असल्यामुळे सरांच्या मोबाइलवर रोज काहीतरी येत होतं. त्या भरात सरांनी ठरवलं की आता अंबडच्या एखाद्या कंपनीकडे सीएसआरचे पैसे मागायचे. कंपनी कायद्यानुसार ठरावीक आकाराच्या कंपन्यांना आधीच्या तीन वर्षांच्या सरासरी नफ्याच्या २ टक्के रक्कम सामाजिक कामावर खर्च करावी लागते, आणि ऑलिंपिकमधल्या खेळांचं प्रशिक्षण त्या कामांच्या यादीत आहे. हँडबॉल ऑलिंपिकमध्ये आहे. म्हणजे दार होतं, ठोठवायचं कसं एवढाच प्रश्न होता.

जानेवारीत चार पानी अर्ज तयार झाला. मागणी ३ लाख ८० हजारांची: ट्रॅकसूट, कंपनीच्या नावाचे टी-शर्ट, राज्य स्पर्धेचा प्रवास, उन्हाळी शिबिर, बॅनर. पहिल्या पानावर मोठ्या अक्षरांत ओळ होती: “आशियाई विजेता भारतीय महिला हँडबॉल संघ! आता पाळी नाशिकच्या मुलींची!” खाली तीन टिंबं: दक्षिण आशियाई सुवर्ण, आशियाई सुवर्ण, जागतिक स्पर्धेसाठी पात्र. सरांनी मजकूर व्हॉट्सॲपवर पाठवला, मी तो जसाच्या तसा उतरवला आणि उद्गारचिन्हं तेवढी कमी केली. तीन होती, दोन ठेवली.

त्याच ओळीचा फलक शाळेच्या भिंतीवर पेंटरकडून रंगवून घेतला. पत्रक पालकांच्या ग्रुपवरही गेलं.

अडचण कुठे उभी राहिली

पंधरा दिवसांनी कंपनीतून फोन आला. सीएसआर समितीवर असलेल्या एक मॅडम बोलत होत्या. त्यांचं रोजचं काम पुरवठादारांच्या मालाची आणि कागदपत्रांची तपासणी. आवाजात राग नव्हता, उलट गोडवाच होता, आणि त्यामुळे मला जास्त घाम फुटला.

“काकू, सप्लायर सर्टिफिकेट दाखवतो ना, तेव्हा आम्ही तीनच गोष्टी बघतो. कशासाठी दिलंय, कुणाच्या नावावर आहे आणि कुठल्या तारखेचं आहे. तुमच्या पहिल्या पानावरचं ‘आशियाई सुवर्ण’ वरिष्ठ संघाचं आहे का? त्या स्पर्धेत संघ किती होते? आणि तेव्हा विजेता होता, तर आता डिसेंबरात दिल्लीत काय झालं?”

मला एकाही प्रश्नाचं उत्तर देता आलं नाही. “सरांना विचारून सांगते” म्हणाले आणि फोन ठेवला.

सरांना विचारलं तर ते म्हणाले, “खोटं काय आहे त्यात?” अडचण इथेच होती. खोटं काहीच नव्हतं. मग दोन संध्याकाळी बसून मी त्या तीन टिंबांची फोड केली. ती इथे सविस्तर देते, कारण सगळं प्रकरण त्याच्यावर उभं आहे.

आशियाई सुवर्ण खरं आहे. मार्च २०२२ मध्ये कझाकस्तानातल्या अल्माटीला भारताच्या मुलींनी शेवटच्या सामन्यात थायलंडला ४१-१८ असं हरवलं. भारताला हे विजेतेपद पहिल्यांदाच मिळालं आणि अभिमान वाटावा असंच ते आहे. पण स्पर्धा कनिष्ठ गटाची होती आणि कोरिया, जपान तिथे उतरलेच नव्हते. ‘जागतिक स्पर्धेसाठी पात्र’ हेही त्याच विजयाचं शेपूट: स्लोव्हेनियातली कनिष्ठ गटाची जागतिक स्पर्धा. म्हणजे एकच यश आम्ही दोन टिंबांत दोनदा मोजलं होतं. हिशेबनीस म्हणून मला याची सगळ्यात जास्त लाज वाटली. एकच पावती दोन खात्यांत टाकल्यासारखं होतं ते.

दक्षिण आशियाई सुवर्ण मात्र वरिष्ठ संघाचं. २०१६ ला गुवाहाटी-शिलाँगच्या स्पर्धेत आणि २०१९ ला नेपाळमध्ये, लागोपाठ. त्यात पाणी नाही. फक्त समोर नेपाळ, बांगलादेश, श्रीलंका असे शेजारी होते.

आता वरची पायरी. महिलांची आशियाई अजिंक्यपद स्पर्धा १९८७ पासून होते. २०२२ पर्यंत ती १९ वेळा झाली आणि त्यातल्या १६ वेळा दक्षिण कोरिया जिंकला. उरलेल्या तिनांत कझाकस्तान दोनदा, जपान एकदा. डिसेंबर २०२४ ला दिल्लीच्या इंदिरा गांधी स्टेडियममध्ये ८ संघ खेळले. जपानने अंतिम सामन्यात कोरियाला २५-२४ असं एका गोलने हरवलं, कझाकस्तान आणि इराण पुढच्या दोन जागांवर आले, आणि या चौघांना २०२५ च्या जर्मनी-नेदरलँड्समधल्या जागतिक स्पर्धेचं तिकीट मिळालं. घरच्या मैदानावर खेळूनही भारत त्या चौघांत नव्हता.

आशियाई क्रीडा स्पर्धेत महिलांचा हँडबॉल १९९० ला आला. कोरियाचं सुवर्ण हुकलं ते फक्त दोनदा: २०१० ला चीनने आणि हांगझोच्या स्पर्धेत जपानने ते घेतलं, तेही अंतिम सामन्यात २९-१९ अशा फरकाने. भारताच्या महिला संघाच्या खात्यावर या स्पर्धेतलं पदक अजून नाही. वरिष्ठ गटाच्या जागतिक स्पर्धेत आणि ऑलिंपिकमध्ये तर आपला संघ एकदाही उतरलेला नाही.

आणि ज्या कोरियाला आपण आशियात गाठू शकलेलो नाही, तो जगात कुठे आहे तेही बघितलं. महिलांचा हँडबॉल ऑलिंपिकमध्ये १९७६ पासून आहे. कोरियाने १९८८ आणि १९९२ ला सुवर्ण घेतलं, २००४ ला अथेन्समध्ये डेन्मार्कविरुद्धचा अंतिम सामना दोन जादा डाव होऊनही बरोबरीत राहिला आणि कोरिया पेनल्टींवर हरला. महिलांचं जागतिक विजेतेपद युरोपबाहेर गेलंय ते दोनदाच, १९९५ ला कोरियाकडे आणि २०१३ ला ब्राझीलकडे.

हे सगळं वहीत उतरवल्यावर मला आमच्या पहिल्या पानाचं रूप दिसलं. तालुक्यात पहिल्या आलेल्या मुलीचा फोटो लावून खाली ‘बोर्डात पहिली’ लिहिण्यातला प्रकार होता तो. मुलगी खरी, नंबर खरा, पाटी दुसऱ्याच दाराची.

दुसरी अडचण

कंपनीचा विषय निस्तरायच्या आधीच दुसरं लचांड समोर आलं, आणि माझ्या मते ते जास्त गंभीर होतं.

सातपूरला टर्नर असलेले एका मुलीचे वडील मैदानावर आले. हातात आमचं पत्रक, लॅमिनेट केलेलं. मुलगी दहावीला, परीक्षा महिन्यावर. ते म्हणाले, “ताई, क्लासचा शेवटचा हप्ता भरला नाही मी. म्हटलं, आपला संघ आशियात पहिला आहे, खेळाडूंना सरकारी नोकरीत ५ टक्के आहेत, मग हिचं इकडूनच होऊन जाईल. बूट घेतले त्या पैशांचे.”

५ टक्के आरक्षण आहे हे खरं. पण त्यासाठी कुठल्या पातळीवरच्या स्पर्धेत कितवा नंबर, स्पर्धा घेणारी संघटना मान्यताप्राप्त आहे का, हे सगळं तपासलं जातं. क्रीडा खात्याच्या विभागीय कार्यालयाकडून प्रमाणपत्राची पडताळणी झाल्याशिवाय त्या कागदाला किंमत नसते. राष्ट्रीय संघ जिंकला म्हणून सिडकोतल्या मुलीच्या खात्यावर एक गुणही जमा होत नाही. तिची मोठ्यातली मोठी स्पर्धा तोवर विभागीय शालेय होती.

बूट मात्र चांगले होते. मुलगी ते मैदानाबाहेर काढून पिशवीत ठेवायची, सिमेंटने तळ झिजू नये म्हणून, आणि सरावाला जुनेच घालायची.

पर्याय

त्या रविवारी गंगापूर रोडवर एका सदस्याच्या घरी समितीची बैठक झाली. सात जण, दोनदा चहा. तीन रस्ते पुढे आले.

पहिला सरांचा: पहिल्या ओळीत ‘कनिष्ठ’ शब्द घालायचा, बाकी अर्ज तसाच ठेवून पुन्हा पाठवायचा. दुसरा एका जुन्या सदस्याचा: ही कंपनी सोडून द्यायची. त्यांच्या ओळखीचा एक बांधकाम व्यावसायिक होता, तो काही विचारणार नाही, फक्त बॅनरवर फोटो लागेल आणि बक्षीस समारंभाला मधली खुर्ची. तिसरा, भीत भीत, माझा: पूर्ण रेकॉर्ड पायऱ्या वेगळ्या करून लिहायचं, हरलेलं धरून, आणि मागणी नव्याने मांडायची.

सरांचा मुद्दा उडवून लावण्यासारखा नव्हता, म्हणून तो नीट नोंदवते. ते म्हणाले, “काकू, क्रिकेटवाल्याला असला तक्ता कुणी मागत नाही. आमच्या मुलींना कुणी ओळखत नाही. एक सुवर्ण मिळालं तर ते मोठ्याने ओरडून सांगायचं नाही? आपण हरलो त्याची यादी वाचून पैसे कोण देतं?” आवाज भरून आला होता. हा माणूस सतरा वर्षं फुकट शिकवतोय. त्या क्षणी मीही जवळजवळ पहिल्या पर्यायाला मान डोलावली.

मग दुसऱ्या पर्यायावर चर्चा भरकटली. बिल्डरचे पैसे लगेच मिळणार होते आणि प्रश्नांशिवाय. तोट्याची बाजू कुणी मांडत नव्हतं. शेवटी मंडळातली माजी खेळाडू, आता एका खासगी दवाखान्यात नर्स असलेली मुलगी म्हणाली, “ते पालक आले होते त्यांना काय सांगायचं ठरलं?” कुणी काही बोललं नाही. कंपनीला चुकीचं सांगितलं तर फार तर अर्ज फेटाळला जाईल. घरच्यांना चुकीचं सांगितलं तर एका मुलीचं दहावीचं वर्ष जातं. पारडं तिथे तिसऱ्या पर्यायाकडे झुकलं, चार विरुद्ध तीन. सर विरोधात होते.

काय केलं

पहिलं काम पालकसभा. तिथे मी वही उघडून पायऱ्या वाचून दाखवल्या: शेजारी देश, मग आशिया, मग जग, आणि प्रत्येक पायरीवर कनिष्ठ-वरिष्ठ वेगळं. टर्नरसाहेबांना बाजूला बोलावून सांगितलं की क्लासचा हप्ता भरा, परीक्षा होईपर्यंत मुलगी आठवड्यातून एकदाच येईल, तीही अंग मोकळं करायला. ते माझ्यावर चिडले, आणि ते बरोबरच होतं. पत्रक मात्र परत दिलं नाही.

दुसरं काम मागणीचं. पूर्वीच्या यादीत ट्रॅकसूट पहिल्या क्रमांकावर होते. आम्ही मुलींनाच विचारायचं ठरवलं, जे खरं तर डिसेंबरातच करायला हवं होतं. गोलरक्षक म्हणाली, जाळी फाटली आहे, बॉल टाकीखाली जातो. विंगवर, म्हणजे मैदानाच्या कडेला, खेळणारी डावखुरी मुलगी, वय १४, म्हणाली, “काकू, बॉल हातात बसत नाही.”

सर म्हणाले, सराव कमी पडतोय. तिने बॉल एका हाताने वरून पकडून उचलायचा प्रयत्न केला. बोटं ताणून पांढरी पडली, बॉल जरासा वर आला आणि सुटला. दुसऱ्यांदा तेच. तिची आई तिथेच होती. ती घरी शिवणकाम करते, पर्समध्ये टेप असतेच. तिने टेप बॉलभोवती गुंडाळली: ५९ सेंटीमीटर.

बायकांच्या हँडबॉलचा घेर ५४ ते ५६ असतो, पुरुषांचा ५८ ते ६०. वजनाचा संशय आला म्हणून दोन बॉल समोरच्या किराणा दुकानातल्या काट्यावर ठेवले. दुकानदाराने “कांदे आहेत का ताई?” असं विचारत वजन केलं: एक ४४०, एक ४५५ ग्रॅम. बायकांचा बॉल ३२५ ते ३७५ ग्रॅमचा. चौदाच्या आतल्या मुलींसाठी तर त्याहून लहान, ५० ते ५२ घेराचा आणि २९० ते ३३० ग्रॅमचा, वेगळा बॉल असतो. आमच्याकडे ११ बॉल होते, त्यातले ८ कुठल्याशा मुलांच्या संघाकडून आलेले पुरुषांचे. वरचा आकडा झिजून गेलेला, त्यामुळे कुणी बघितलंच नव्हतं.

हँडबॉलमध्ये बॉल हातात धरून तीन पावलं टाकता येतात आणि तीन सेकंद थांबता येतं. त्या तीन सेकंदांतच खेळ आहे: फेकल्यासारखं करायचं, समोरचीला उडी घ्यायला लावायचं, मग मनगटातून खाली पास द्यायचा किंवा सहा मीटरच्या रेषेवरून उडी घेऊन हवेतच दिशा बदलायची. बॉल एका मुठीत बसत नसेल तर यातलं काहीच येत नाही. मुलगी दोन्ही हातांनी झेलते, दोन्ही हातांनी पास देते, आणि खांद्यावरून सरळ फेकायला शिकते. आमच्या विंगवरच्या मुली कोनातून मारतच नाहीत, ही सरांची जुनी तक्रार होती. टेप बघून सर बराच वेळ काही बोलले नाहीत. मग त्यांनी आठही बॉल पोत्यात भरले आणि पोतं स्वतःच्या स्कूटरवर ठेवलं.

बॉल बदलला म्हणून कोरिया हरत नाही, हे मलाही कळतं. पण अर्जात लिहिता येईल, मोजून दाखवता येईल अशी ती पहिली गोष्ट होती.

नवा अर्ज दोन पानांचा. पहिल्या अर्ध्या पानावर राष्ट्रीय संघाचं रेकॉर्ड, प्रत्येक ओळीत वयोगट, वर्ष, ठिकाण आणि संघ किती. शेवटची ओळ: वरिष्ठ जागतिक स्पर्धा व ऑलिंपिक, अद्याप सहभाग नाही. मग एक परिच्छेद हिमाचलबद्दल. बिलासपूर जिल्ह्यात मोरसिंघी नावाचं एक खेडं आहे, तिथल्या हँडबॉल नर्सरीतून, म्हणजे प्रशिक्षण केंद्रातून, भारताच्या संघापर्यंत मुली पोहोचल्या. ‘आशियाई विजेता’पेक्षा हा मुद्दा मला कितीतरी वजनदार वाटतो. एका खेड्यातून राष्ट्रीय संघापर्यंत वाट जात असेल तर अंबड-सातपूरमधून का नाही, एवढंच विचारायचं होतं. हा परिच्छेद सरांनी लिहिला. मतदानात हरल्यानंतरही लिहिला, हे मुद्दाम नोंदवते.

मागणी १ लाख ६४ हजारांवर आली: योग्य मापाचे २० बॉल, दोन जाळ्या, गोलखांबांचं डागडुजीकाम, प्रथमोपचार पेटी आणि राज्य स्पर्धेचा प्रवास. सोबत मॅडमना एक पत्र, की आधीच्या अर्जातली पहिली ओळ दिशाभूल करणारी होती आणि ती आमची चूक होती. ‘दिशाभूल’ या शब्दावर अर्धा तास वाद झाला. ‘अपुरी’ लिहा, असं दोघांचं म्हणणं होतं. शब्द तोच राहिला.

परिणाम

मॅडमनी पोच दिली आणि मग दोन महिने शांतता. मार्चअखेरीमुळे निर्णय लांबला. एप्रिलमध्ये कळलं की प्रवासखर्च सोडून बाकी मंजूर. पण मंडळाची सीएसआरसाठी लागणारी नोंदणी नव्हती, त्यामुळे पैसे आमच्या हातात येणार नाहीत, कंपनी स्वतः सामान विकत घेऊन शाळेच्या नावावर देईल. ही नोंदणी लागते हे मला अर्ज करण्याआधी माहीत असायला हवं होतं. माझं कामच ते.

बॉल ऑगस्टमध्ये आले, १२ मोठ्या मुलींचे, ८ लहानींचे. तोवर आम्ही वर्गणी काढून घेतलेल्या चार बॉलवर निभावलं. बिल्डरचं नाव सुचवणारे ते जुने सदस्य राजीनामा देऊन गेले. त्यांचे बिल्डर मित्र आता दुसऱ्या खेळाच्या बॅनरवर असतात. दुसऱ्या एका मंडळाच्या लोकांनी “तुमचा आशियाई विजेता कुठे गेला?” म्हणून जिल्हा स्पर्धेत भर मैदानात टोमणे मारले, ते सरांना फार लागलं.

खेळाचं म्हणाल तर मुली जिल्ह्यात जिंकल्या आणि विभागात अंतिम सामना तीन गोलने हरल्या. आदल्या वर्षीही तिथेच हरल्या होत्या, सात गोलने. त्या फरकाचं श्रेय बॉलला द्यायचा मोह होतो, पण समोरच्या संघाची मुख्य गोलरक्षक आजारी होती, तेही लिहायला हवं. डावखुरीने विंगवरून दोन गोल केले, दोन्ही कोनातून. टर्नरसाहेबांची मुलगी दहावी झाली, आता आयटीआयला आहे आणि आठवड्यातून तीन दिवस येते. नवे बूट घालून.

राज्य स्पर्धेपर्यंत गेलोच नाही, त्यामुळे प्रवासखर्चाचा प्रश्न आपोआप मिटला.

वेगळं काय करता आलं असतं

मॅडमच्या फोनपर्यंत थांबायची गरज नव्हती. पत्रक छापायच्या आदल्या रात्री मला ‘आशियाई विजेता’ खटकलं होतं, कारण दिल्लीत जपान जिंकल्याची बातमी मी स्वतः वाचली होती. पण सरांना विचारलं तर त्यांचा उत्साह जाईल, असं वाटलं. एका उत्साही माणसाला न दुखवण्याची किंमत नंतर त्याच माणसाने टोमणे ऐकून मोजली.

पत्रक पालकांच्या ग्रुपवर टाकणं ही माझ्या मते सगळ्यात मोठी चूक. कंपनीत प्रश्न विचारायला एक माणूस पगारावर बसलेला असतो. पालकांच्या बाजूला तसं कुणी नसतं, मंडळाचा शिक्का बघितला की ते विश्वास ठेवतात. आता नियम असा केलाय की नोकरी, आरक्षण, ग्रेस गुण यांबद्दलचं काहीही ग्रुपवर टाकण्याआधी जिल्हा क्रीडा कार्यालयात विचारून घ्यायचं.

मतदान चार विरुद्ध तीन करायला नको होतं, हे नर्स मुलीचं मत. तिच्या मते बॉलची टेप आधी आणि बैठक नंतर झाली असती तर सर स्वतःच तिसऱ्या पर्यायाकडे आले असते. मला तेवढी खात्री नाही. फोन आला नसता तर टेप निघालीच नसती.

फलक मात्र जून उजाडेपर्यंत तसाच होता. पेंटरचे पैसे कुणी द्यायचे यावर अडलं होतं. शेवटी शाळेने पावसाळ्याआधी भिंतच रंगवली.

गेल्या महिन्यात दुसऱ्या एका कंपनीसाठी सरांनी स्वतः मसुदा केला आणि मला तपासायला पाठवला. प्रत्येक स्पर्धेपुढे त्यांनी वयोगट आणि ‘इतक्या संघांत’ असं लिहिलं होतं. मी एकाच जागी लाल खूण केली: हांगझोच्या आशियाई स्पर्धेपुढे २०२३ लिहिलंय, स्पर्धेचं नाव २०२२ चं आहे. दहा मिनिटांत सरांचा फोन. “काकू, नाव २०२२ चंच. करोनामुळे वर्षभर पुढे ढकलली, खेळली २०२३ ला. दोन्ही लिहा, नाहीतर मॅडम विचारतील.”